काडेपेटीतले रंग आणि बांधावरची सायकल

साहित्यसंस्थेच्या त्रैमासिकात चित्रपटावर लिहावे का, आणि त्यातही ज्यात एक अक्षर उच्चारले जात नाही अशा पंधरा मिनिटांच्या लघुपटावर लिहावे का, असा प्रश्न आमच्या काही ज्येष्ठ वाचकांना पडेल. तो रास्त आहे. गेली अनेक दशके या पानांवर आपण कविता, कादंबरी, नाटक आणि क्वचित संतवाङ्मय यांचीच चर्चा करीत आलो. मराठी मुलखापासून दूर राहणाऱ्या माणसाला भाषा हाच आधार वाटतो, आणि शब्द टाकून देणाऱ्या कलेविषयी त्याच्या मनात थोडी अढी असते. आमच्याही मनात ती होती व अजून पुरती गेलेली नाही. तरीही वार्धक्यातील एकटेपण आणि न बोलता राहिलेली भावना या विषयावर मराठी नाटकांनी जे सांगितले, त्याहून काही वेगळे या अबोल चित्रांनी सांगितले आहे असे आम्हांस वाटते. ते वेगळेपण नेमके कशात आहे, एवढेच येथे पाहावयाचे आहे.

गीतांजली राव यांचा ‘प्रिंटेड रेनबो’ हा अ‍ॅनिमेशन लघुपट २००६ सालचा. राव यांचे शिक्षण मुंबईच्या जे. जे. उपयोजित कला संस्थेत झाले, आणि सत्यदेव दुबे यांच्याबरोबर रंगभूमीवर काम केल्याचा अनुभवही त्यांच्या गाठीशी आहे. ‘ऑरेंज’ (२००२) या पहिल्या लघुपटानंतर त्यांनी हा दुसरा केला. बहुतेक सारे चित्रकाम त्यांनी एकटीने, हाताने, काही वर्षे खपून पूर्ण केले. चित्रपटात सेकंदाला चोवीस चौकटी धावतात हे लक्षात घेतले, तर पंधरा मिनिटांसाठी एकवीस हजार सहाशे चौकटी लागतात. एक चित्र दोन चौकटी वापरले तरी दहा हजारांवर चित्रे होतात. एकटेपणावरचा हा चित्रपट करताना कर्तीला स्वतःलाच केवढे एकांतात बसावे लागले असेल याचा अंदाज या हिशेबावरून येतो. कान महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहात २००६ मध्ये त्याला तीन पुरस्कार मिळाले.

कथानक म्हणावे असे फार थोडे आहे. महानगरातील उंच इमारतीच्या एका खोलीत एक वृद्ध बाई आणि तिची मांजर राहतात. खोलीला खिडकी आहे, खिडकीबाहेर इतरांच्या खिडक्या आहेत. घर, भिंती, आकाश, बाईचा चेहरा, सारे करड्या छटांत रंगविलेले. बाईजवळ काडेपेट्यांचा संग्रह आहे. एकेक पेटी ती हाती घेते, तिच्यावरील रंगीत छापाकडे पाहते, आणि पाहता पाहता मांजरीसह त्या छापाच्या आत शिरते. आत रंगांचा पूर असतो. मग ती परत येते. शेवट आम्ही सांगत नाही. ज्यांनी चित्रपट पाहिला नाही त्यांनी तो स्वतःच पाहावा.

काडेपेटी ही निवड आम्हांस फार अचूक वाटते. घरातील सर्वांत स्वस्त छापील चित्र म्हणजे काडेपेटीचे. देवदेवता, जहाज, वाघ, मोर, सिनेमाच्या नट्या, जे जे लोकांना आवडेल ते ते त्या दोन बोटांच्या कागदावर आले. परदेशातून येणाऱ्या पेट्यांचे छापदेखील हिंदुस्थानी गिऱ्हाइकाची आवड ओळखून निघत. पुढे स्वीडिश भांडवलावर उभ्या राहिलेल्या विम्को कंपनीने मुंबईजवळ अंबरनाथला कारखाना काढला, आणि तिकडे दक्षिणेत शिवकाशीने या धंद्यात नाव कमावले. या चित्रांना कुणी चित्रकला म्हटले नाही. काड्या संपल्या की पेटी चुलीत जाई, नाहीतर मुलांच्या खेळात. जी वस्तू वापरून टाकून द्यावयाची, तिचाच संग्रह करणारी बाई दाखविणे म्हणजे त्या बाईविषयी पुष्कळ काही सांगून टाकणे आहे. एका संवादाच्या जागी एक वस्तू ठेवली, आणि संवादाची गरज उरली नाही.

येथे एक योगायोग नोंदवावासा वाटतो. भारतीय अ‍ॅनिमेशनचा आरंभही काड्यांपासूनच झाला. दादासाहेब फाळके यांनी १९१५ च्या सुमारास ‘आगकाड्यांची मौज’ हा लघुपट केला, त्यात काड्या एकेक चौकटीने हलवून त्यांना जिवंत केले होते. त्याआधी वाटाण्याच्या रोपाची वाढ त्यांनी अशाच धीराने टिपली होती. राव यांच्या मनात फाळके होते की नाही याच्याशी आम्हांला कर्तव्य नाही. पण निर्जीव वस्तूत प्राण ओतणे हा या माध्यमाचा मूळ स्वभाव आहे, आणि ज्या माणसाला बोलावयास माणूस उरलेला नाही तो वस्तूंशी बोलू लागतो, हा एकटेपणाचा स्वभाव आहे. दोहोंची गाठ पडली म्हणूनच हा विषय या माध्यमाला इतका मानवला असावा.

आता त्या करड्या रंगाविषयी. भरताने आठ सात्त्विक भाव सांगितले आहेत. स्तंभ, स्वेद, रोमांच यांच्या यादीत ‘वैवर्ण्य’ हाही एक आहे, म्हणजे मनातील भावामुळे मुखावरचा रंग उडणे. नटाला हे करून दाखविणे सर्वांत अवघड. अश्रू आणता येतात, कंप आणता येतो, रंग कसा उडवावा? ‘प्रिंटेड रेनबो’त हे वैवर्ण्य चेहऱ्यापुरते राहत नाही, ते घराला येते. भिंतीचा रंग उडाला आहे, आकाशाचा उडाला आहे. बाईला दुःख झाले आहे असे कोठेही दाखवावे लागत नाही, कारण ते तिच्या भोवती पसरलेले आहे.

परंतु याच ठिकाणी आमचा एक आक्षेपही आहे. बाहेर करडे आणि आत रंगीत, ही विभागणी जरा जास्तच नीटनेटकी झाली आहे. एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्या बाईचे घर असे निखळ करडे नसते. तेथे घासून लखलखणारी पितळी भांडी असतात, दाराशी तुळस असते, दुपारी फरशीवर पडलेला उन्हाचा पट्टा असतो. या गोष्टी तिचे एकटेपण कमी करीत नाहीत; उलट रंग असूनही एकटे असणे हे अधिक जीवघेणे. सुखाला रंग आणि दुःखाला रंगहीनता देऊन राव यांनी प्रेक्षकाचे काम थोडे सोपे केले. चित्रपटाची मोहिनी त्यामुळे वाढली हे खरे, पण खोलीही तेवढीच वाढली असे आम्हांस म्हणवत नाही.

मराठी रंगभूमीवर हाच विषय जयवंत दळवी यांच्या ‘संध्याछाया’मध्ये येऊन गेला आहे. विजया मेहता यांनी गाजविलेले ते नाटक आपल्यापैकी अनेकांनी पाहिले असेल, निदान वाचले असेल. त्यातील नाना-नानींचे एकटेपण बोलते आहे. घरात येईल त्या माणसाला धरून ठेवावे, त्याच्याशी काहीतरी बोलत राहावे, बोलणे थांबले की काय होईल या भयाने बोलत राहावे, अशी ती दोघे आहेत. नाटकाला ते शोभते, नव्हे, नाटकाला दुसरा मार्गच नाही. महेश एलकुंचवार यांच्या ‘वाडा चिरेबंदी’तील दादी पुन्हा पुन्हा वेळ विचारते, आणि त्या प्रश्नाच्या उत्तराशी तिला काही कर्तव्य नसते. तेथे शब्द आहेत, पण ते रिकामे होऊन घड्याळाच्या टोल्यासारखे वाजत आहेत. दळवींकडून एलकुंचवारांकडे येताना मराठी नाटक मौनाच्या उंबरठ्यापर्यंत आले असे म्हणता येईल. उंबरठा ओलांडणे नाटकाला सोयीचे नव्हते. चित्राला ते सोयीचे होते.

तो ओलांडण्याचे सर्वांत संयत उदाहरण म्हणून आम्ही मायकेल डुडोक द विट या डच दिग्दर्शकाच्या ‘फादर अँड डॉटर’ या लघुपटाकडे बोट दाखवू. तो २००० सालचा, अवघ्या आठ मिनिटांचा. पुढील वर्षी त्याला ऑस्कर मिळाले. बाप आणि लहान मुलगी सायकलींवरून एका बांधावर येतात. बाप निरोप घेऊन पाण्याकडे उतरतो, मग पुन्हा वर धावत येऊन तिला उचलून मिठी मारतो, आणि होडीत बसून निघून जातो. मुलगी थांबते, संध्याकाळ होते, ती परतते. पुढे ती वारंवार त्या बांधावर येते. वाऱ्यातून, पावसातून, पानगळीतून येते. मैत्रिणींबरोबर येते, प्रियकराच्या सायकलवर मागे बसून येते, नवऱ्या-मुलांबरोबर येते, आणि शेवटी म्हातारी होऊन एकटी येते. बाप येत नाही. तो का गेला, कोठे गेला, हे चित्रपट सांगत नाही.

या सबंध काळात तिचा चेहरा आपल्याला धडपणे दिसत नाही. माणसे चिमुकली, आभाळ अवाढव्य; कोळशाच्या काळ्या रेषा, मागे तपकिरी धूसरपणा; एक जुना वॉल्ट्झ, अ‍ॅकॉर्डियनवर. चेहरा नाही म्हणजे आपल्या शास्त्राच्या भाषेत अनुभाव जवळजवळ नाहीतच. आलंबन म्हणजे बाप, तो तर पहिल्याच मिनिटात निघून गेला. उरला उद्दीपन विभाव: वारा, पाणी, पक्षी, लांब पडलेल्या सावल्या. केवळ उद्दीपनाच्या बळावर रस उभा करणे हे संस्कृत काव्यातही थोड्यांनाच साधले, आणि येथे तर शब्दही नाहीत. सायकल मात्र आहे. म्हातारपणी ती बांधावर येते, सायकल उभी करते, सायकल पडते. ती पुन्हा उभी करते, पुन्हा पडते. शेवटी ती सायकल तशीच पडू देते आणि खाली उतरते. एखाद्या स्त्रीने आयुष्यभर धीर धरला आणि आज तिला तो धरवत नाही, हे सांगावयास कादंबरीकाराला एक प्रकरण लागले असते.

भरताने करुण आणि विप्रलंभ यांत जो भेद केला आहे तो हा चित्रपट पाहताना आम्हांस वारंवार आठवला. करुण हा निरपेक्ष असतो, कारण भेटीची आशा तुटलेली असते. विप्रलंभ सापेक्ष असतो, त्यात माणूस कोठेतरी आहे आणि परत येऊ शकतो. शृंगाराच्या संदर्भात केलेला हा विचार वात्सल्याला लावावयास हरकत नसावी. मुलीची अडचण अशी की, आपले दुःख यांपैकी कोणते, हे तिला कळण्याचा मार्ग नाही. बाप मेला असता तर तिला रडता आले असते, आणि काही वर्षांनी रडणे थांबविताही आले असते. तो नुसताच गेला आहे. त्यामुळे तिला फक्त बांधावर येता येते.

हे लिहीत असताना बरकतपुऱ्यातील, काचीगुड्यातील, नारायणगुड्यातील किती घरे डोळ्यांपुढे येतात हे आमच्या वाचकांना सांगावयास नको. निजामाच्या काळी आपले आजे-पणजे मराठवाड्यातून येथे आले ते वकिलीसाठी, नोकरीसाठी, शाळा चालविण्यासाठी. १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाडा मुंबई राज्यात गेला, आणि जी कुटुंबे येथेच राहिली ती आपला प्रांत न सोडता परप्रांतीय झाली. तेव्हाचा आपला बांध म्हणजे १९१६ साली बांधलेले काचीगुडा स्टेशन; मनमाडकडे जाणारी गाडी तेथून सुटे आणि माणसे निरोप द्यायला जात. २००८ पासून तो बांध शमशाबादच्या विमानतळावर गेला. चमनच्या आजूबाजूचे अंगणाचे बंगले जाऊन तेथे मजल्यांच्या इमारती आल्या, आणि त्यांतील कितीतरी सदनिकांत आज एक किंवा दोन वृद्ध माणसे राहतात. मुलांची चौकशी केली की उत्तर ठरलेले: ‘बरं चाललंय त्यांचं.’ हे उत्तर खोटे नसते, आणि अडचण नेमकी तीच आहे. मुले सुखरूप आहेत, फोनवर दिसतात, दोन वर्षांनी येतात. हे दुःख सापेक्ष आहे, म्हणून ते बोलून दाखविण्याचा अधिकार आपल्याला नाही अशी आपली समजूत आहे. मेलेल्याबद्दल रडावे, गेलेल्याबद्दल कसे रडावे? डुडोक द विट यांच्या मुलीपाशी निदान एक बांध होता आणि एक सायकल होती.

पण आमच्या मूळ अढीकडे परत येऊ. अबोल चित्रपटाचे कौतुक करताना तो ‘सर्व भाषांच्या पलीकडचा’ असल्याचे सांगण्याची रीत पडली आहे. महोत्सवांना असे चित्रपट सोयीचे असतात, तळटिपा लागत नाहीत. पण एकटेपण खरोखर भाषेच्या पलीकडचे असते काय? आपल्या घरांतील एखाद्या आजी घ्या. घरात त्या ‘काडेपेटी’ म्हणतात, दुकानदाराकडे ‘माचिस’ मागतात, कामवाल्या बाईला ‘अग्गिपेट्टे’ आणावयास सांगतात. तीन भाषांत त्यांचे सारे व्यवहार होतात. पण यजमान गेल्यावर आणि मुले परदेशी गेल्यावर पहिल्या भाषेत बोलावयास घरात कुणी उरत नाही. दखनी चालू राहते, तेलुगू चालू राहते, मराठी मात्र फोनपुरती उरते, आणि नातवंडांशी बोलताना तीही अर्धीच उरते. हे एकटेपण माणसे नसल्याचे जितके, तितकेच एका भाषेचे आहे. शब्दच काढून टाकणाऱ्या चित्रपटाला ते कसे दाखविता येणार? भाषेच्या पलीकडे जाण्याच्या नादात आपले दुःख ज्या भाषेत घडले ती भाषाच पुसली जात नाही काय?

हा आक्षेप आम्ही पुष्कळ दिवस मनात बाळगला, आणि दोन्ही चित्रपट पुन्हा पाहिल्यावर तो जसाच्या तसा टिकला नाही हेही सांगितले पाहिजे. ‘फादर अँड डॉटर’मधील मौन हे कुठलेही मौन नाही. ते सपाट जमिनीच्या, पाणी अडविणाऱ्या बांधांच्या, सायकलींच्या देशातले आहे. मुलीच्या म्हातारपणी त्या पाण्याच्या जागी गवत वाढलेले दिसते, आणि समुद्र हटवून जमीन करणाऱ्या देशाला हे बदल कसे ओळखीचे असतील हे कळते. तसेच ‘प्रिंटेड रेनबो’चे. काडेपेटीवरील त्या भडक, जाड रेषांच्या छापांना आपल्याकडील प्रत्येक डोळा ओळखतो. बाई बोलत नाही, पण जे पाहते ते हिंदुस्थानी बाजारातले आहे. शब्द गेले तरी बोली वस्तूंत राहिली. आनंदवर्धनाने नवव्या शतकात ध्वनीचा विचार मांडला तेव्हा त्याच्यापुढे काव्य होते. पण वाच्यार्थ बाजूला सारून दुसरा अर्थ जागा करण्याची ती रीत काडेपेटीलाही लागू पडते. आक्षेप एवढाच उरतो की, मराठी मौनाची वस्तू कोणती, हे आपल्याकडच्या कुणी अजून चितारून दाखविलेले नाही.

‘फादर अँड डॉटर’चा शेवट मात्र सांगितल्यावाचून चर्चा पुरी होत नाही. म्हातारी गवतातून चालत जाते. तेथे वाळूत रुतलेली होडी सापडते, ती होडीत अंग मुडपून झोपते. मग उठते, चालू लागते, धावू लागते, धावता धावता तिचे वय उतरत जाते, आणि समोर बाप उभा असतो. अनेकांना हा शेवट फार भावतो. आमच्या मते चित्रपट होडीपाशी पूर्ण झाला होता. रिकामी, रुतलेली होडी सापडणे हे सात मिनिटांच्या प्रतीक्षेचे खरे उत्तर होते. त्या एका दृश्याने सापेक्ष दुःख निरपेक्ष झाले, तिला रडण्याची मुभा मिळाली. भेट घडवून आणणे हे दिग्दर्शकाचे औदार्य आहे, आणि ते त्याने प्रेक्षकाकडे पाहून दाखविले. अर्थात हे मत मांडणे सोपे आहे. चित्रपटगृहात ती भेट होताना डोळे कोरडे ठेवणे तितके सोपे नाही.

राव यांनी पुढे ‘बॉम्बे रोझ’ (२०१९) हा पूर्ण लांबीचा चित्रपट केला. व्हेनिसच्या समीक्षक सप्ताहाचा प्रारंभ त्याने झाला. त्यातही जुन्या घरात मांजरांच्या सोबतीने राहणारी एक वृद्ध बाई, मिस डिसूझा, आहे. तिला नाव मिळाले, भूतकाळ मिळाला, संवाद मिळाले. ती आपल्याला आवडते. पण ‘प्रिंटेड रेनबो’तील निनावी बाई जशी मनात घर करून राहते तशी ती राहत नाही. तिच्याविषयी आपल्याला फार माहिती असते.

आपले हैदराबाद अ‍ॅनिमेशनचे मोठे केंद्र आहे ही गोष्ट या संदर्भात गमतीची वाटते. २००८ पासून घराघरांत दंगा घालणारा ‘छोटा भीम’ येथल्याच ग्रीन गोल्ड संस्थेचा. नातवंडे सुटीत येतात तेव्हा तो दिवसभर बोलत असतो, आणि आजी-आजोबा शेजारी बसून ऐकत असतात. त्याच्याविषयी आमची तक्रार नाही. फक्त ज्या शहरात ही विद्या इतकी आहे, तेथल्या एखाद्या तरुण चित्रकाराने या शेजारी बसलेल्यांकडे एकदा पाहावे असे वाटते. अंगणाचा बंगला पाडताना काढून ठेवलेला सागवानी झोपाळा, जो नव्या सदनिकेच्या दिवाणखान्यात टांगता येत नाही आणि विकवतही नाही, तेवढा एक त्याला पुरेल.

दोन्ही लघुपट मिळून तेवीस मिनिटांचे आहेत. संस्थेच्या पुढील मासिक सभेत ते दाखवावेत, अशी सूचना आम्ही कार्यकारिणीकडे केली आहे. भाषांतराची, प्रास्ताविकाची गरज नाही. तेलुगू शेजाऱ्यांना आणि मराठी न वाचणाऱ्या नातवंडांनाही बोलवावे. एकच विनंती आहे. आपल्या सभांत कार्यक्रम संपताक्षणी आभारप्रदर्शन सुरू होते. त्या दिवशी दिवे लागल्यावर पाच मिनिटे व्यासपीठावर कुणी जाऊ नये, आणि चहा त्यानंतर यावा.